गराजच्या स्प्रिंगला स्वतः हात लावू नका

अमेरिकेत आणि कॅनडात राहणाऱ्या सगळ्या मराठी घरांना ही कळकळीची विनंती. थंडी सुरू होते आहे, आणि गराजच्या दरवाजाची जुनी स्प्रिंग पुष्कळदा याच दिवसांत, कडाक्याच्या गारठ्यात तुटते. सकाळची घाई, गाडी आत अडकलेली, मुलांची शाळा. अशा वेळी घरातलं कोणीतरी फोनवर व्हिडिओ लावतं, शिडी आणतं आणि टूलबॉक्स उघडतं. कृपा करून त्या शिडीवर चढू नका.

दरवाजा मोटार उचलते हा गैरसमज आधी काढून टाका. दोन गाड्यांच्या गराजचा १६ फुटी दरवाजा दीडशे-दोनशे पौंडांचा असतो, कधी त्याहूनही जड. ते वजन स्प्रिंग तोलून धरते. मोटार त्याला नुसती चालना देते. आपल्याकडे दुकानाचं लोखंडी शटर एका हाताने वर जातं, तेही आतल्या स्प्रिंगच्याच जिवावर. दरवाजा बंद असताना स्प्रिंगमध्ये सर्वांत जास्त जोर असतो, आणि नेमकं तेव्हाच आपण तिच्याजवळ तोंड नेतो.

दरवाजाच्या वर आडव्या दांड्यावर बसवलेली असते ती टॉर्शन स्प्रिंग. तिच्या टोकाला धातूचा शंकूसारखा कोन असतो, त्याला चार भोकं आणि दांड्यावर आवळलेले स्क्रू. ७ फूट उंच दरवाजासाठी हा कोन साधारण साडेसात फेरे, म्हणजे पाव-पाव फेरा करत ३० वेळा पिळलेला असतो. स्क्रू सैल केला की तो सगळा पीळ एका क्षणात सुटू पाहतो. कारागीर भोकांत मापाच्या लांब पोलादी सळया घालतात, एक घट्ट रोवली की मगच दुसरी काढतात आणि स्वतः बाजूला उभे राहतात. घरी अशा सळया नसतात म्हणून लोक स्क्रूड्रायव्हर घालतात. त्याची दांडी भोकात सैल बसते, जोर आला की निसटते आणि गरगर फिरत मनगटावर, दातांवर, डोळ्यावर येते. अशा अपघातांत लोकांची बोटं तुटली आहेत, जीवही गेले आहेत. तुम्ही इंजिनियर असाल, पिळाचा हिशेब कागदावर मांडताही येत असेल. पण तो पीळ हातात धरण्याची सवय रोज हेच काम करणाऱ्याकडेच असते.

दुसरी एक्स्टेन्शन स्प्रिंग, दोन्ही बाजूंच्या रुळांवर ताणलेली. तिच्या मधून पोलादी दोर आरपार ओवलेला आहे का, एवढं आजच बघा. तो नसेल तर तुटलेली स्प्रिंग सुटून गाडीची काच फोडू शकते, माणसाला लागू शकते. दरवाजाच्या खालच्या कोपऱ्यातल्या पट्टीचे स्क्रूही कधी सोडू नका. दरवाजा उचलणाऱ्या वायरचा सगळा ताण तिथे आलेला असतो.

मग घरी काय करायचं? स्प्रिंग नुसती डोळ्यांनी तपासा. वेटोळ्यांत दोनेक इंचांची फट दिसली, वायर लोंबत असली, किंवा रात्री गराजमध्ये मोठा बार झाल्यासारखा आवाज आला असेल, तर स्प्रिंग तुटली आहे असं समजा. बटण पुन्हा पुन्हा दाबू नका. दरवाजा वर अडकला असेल तर मोटार सोडवणारी लाल दोरी अजिबात ओढू नका, सगळं वजन खाली कोसळेल. त्या दिवशी टॅक्सीने जा.

स्प्रिंग धड दिसत असेल तरच पुढची परीक्षा घ्या. दरवाजा बंद करा, लाल दोरी ओढून मोटार सोडवा, दोन्ही हातांनी दरवाजा अर्ध्यावर आणा आणि हात हळूच सैल करा. पाय दरवाजाखाली नकोत, बोटं फळ्यांच्या सांध्यात नकोत. तो तिथेच थांबला तर तोल ठीक आहे. खाली यायला लागला किंवा आपोआप वर गेला तर तोल बिघडला आहे, आणि तो दुरुस्त करणं कारागिराचं काम. मोटार पुन्हा जोडलीत की दरवाजाखाली दोन-बाय-चारची फळी आडवी ठेवून बटण दाबा. फळीला टेकताच दरवाजा उलट फिरलाच पाहिजे. १९९३ पासून अमेरिकेत बनणाऱ्या घरगुती मोटारींना अडथळा ओळखणारी वेगळी सोय बंधनकारक आहे. जमिनीपासून ६ इंचांच्या आत बसवलेले तिचे दोन छोटे सेन्सर-डोळे पुसून ठेवा. त्याहून जुनी मोटार असेल तर ती बदला.

साधी स्प्रिंग १०,००० वेळा उघडझाप करण्याच्या हिशेबाने बनवलेली असते. दिवसातून चार वेळा दरवाजा उघडला तर साधारण सात वर्षं. घर घेऊन तेवढी वर्षं झाली असतील आणि स्प्रिंग बदललेली नसेल, तर ती तुटायची वाट पाहू नका. दोन स्प्रिंगा असतील तर दोन्ही एकदमच बदलून घ्या. एक तुटली की दुसरीही तेवढीच थकलेली असते. खर्च काही शे डॉलर येईल. हाताच्या शस्त्रक्रियेचं बिल याच्या कितीतरी पट येतं.

भारतातून आई-बाबा आले असतील तर त्यांना हे आवर्जून सांगा. दिवसभर घरात तेच असतात, दरवाजा अडला की हाताने रेटून वर करायला जातात, आणि नातवंडं मागेच असतात. कारागिराचा नंबर फ्रिजवर लावून ठेवा. संध्याकाळी घरी गेल्यावर तोलाची परीक्षा घ्या, आणि दरवाजा अर्ध्यावर थांबला नाही तर तो खाली आणून बंद करा, मोटारीचा प्लग काढा आणि सकाळी फोन करा.