जुळवून कोणी घ्यायचे?

शाळा उघडण्याच्या आठ दिवस आधी जातीच्या दाखल्यांच्या कामासाठी कर्जत तालुक्यातील एका ठाकूरवाडीत गेलो होतो. पडवीत चार पोरे एका मोबाईलभोवती बसून 'डोरेमॉन' बघत होती आणि पोट धरून हसत होती. त्यातला एक चौथी पास होऊन पाचवीला खालच्या गावातील शाळेत जाणार होता. "जाणार ना रे?" असे विचारताच त्याचे हसू मावळले. म्हणाला, "तिथं आमच्या बोलण्याला हसतात." त्याची थोरली बहीण त्याच शाळेतून पंधरा दिवसांत परत आली, ती कायमचीच. बाप म्हणाला, "तिचं मन रमलं नाही, साहेब."

मन रमले नाही, की रमू दिले नाही?

'डोरेमॉन' 2005 पासून आपल्याकडे हिंदीत दिसते. त्यातला नोबिता शून्य गुण मिळवतो, गुरुजी त्याला वर्गाबाहेर उभे करतात, घरी आई रागावते, दांडगी पोरे त्याला बडवतात. पण बाविसाव्या शतकातून आलेले यंत्रमांजर पोटाच्या खिशातून रोज एक युक्ती काढते. म्हणून तिथे हसू येते. आमच्या वाडीतल्या नोबिताला असा खिसा कुठला?

आणखी एक गोष्ट पाहा. जपानी पोराचे बोलणे आमच्या पोरांना कळावे म्हणून वाहिनीवाल्यांनी ते हिंदीत आणले, कारण त्यात त्यांचा धंदा आहे. ठाकरी बोलणाऱ्या लेकराला पुस्तकातली मराठी कळावी म्हणून शाळेने काय केले? उलट त्यालाच 'जुळवून घे' म्हणून सांगितले!

कायदा नेमके याच्या उलट सांगतो. 1 एप्रिल 2010 पासून लागू झालेल्या शिक्षण हक्क कायद्याचे कलम 17 मारहाणीबरोबर मानसिक छळालाही मनाई करते. कलम 29 म्हणते, मूल भय, धास्ती आणि चिंतेतून मुक्त असावे आणि शक्य तिथवर त्याला मातृभाषेतून शिकवावे. कलम 5 नुसार शाळा सोडल्याचा दाखला यायला उशीर झाला म्हणून प्रवेश अडवता येत नाही. मधेच शाळा सुटलेल्या मुलीला कलम 4 प्रमाणे तिच्या वयाच्या वर्गात बसण्याचा आणि मागे पडलेला अभ्यास भरून घेण्यासाठी विशेष प्रशिक्षणाचा हक्क आहे. म्हणजे जुळवून घेण्याची जबाबदारी शाळेची आहे, लेकराची नाही.

साताऱ्याच्या शाळेत बाबासाहेबांना बसायला गोणपाट घरून न्यावे लागे. शिपाई नसेल तर पाणीही मिळत नसे. त्यांच्या शाळा प्रवेशाचा 7 नोव्हेंबर हा दिवस 2017 पासून महाराष्ट्रात विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो. त्या दिवशी आपण हार घालतो, भाषणे करतो. पण आजचे गोणपाट दिसत नाही, ते हसण्याचे असते. बाबासाहेब त्या शाळेत टिकले, यात त्या शाळेचे कर्तृत्व काय? असे किती भीमराव पंधरा दिवसांत घरी परतले, याचा हिशेब कोणी ठेवला?

म्हणून कर्जत-खालापूरच्या कार्यकर्त्यांना सांगणे आहे. नोव्हेंबरची वाट पाहू नका. जूनमध्ये वाडीवर जा. पाचवीला जाणाऱ्या पोराचा हात धरून पहिल्या दिवशी शाळेत जा, मुख्याध्यापकांना नम्रपणे पण ठामपणे कायदा दाखवा, आणि पंधरा दिवसांनी पुन्हा जाऊन ते पोर वर्गात आहे का ते पाहा. ठाकूर, कातकरी आपले नव्हेत असे म्हणणाऱ्याने आपण कोणाचे अनुयायी आहोत ते आधी तपासावे.

आमच्या पोरांना मांजराचा खिसा नको. त्यांच्या बाजूने उभा राहणारा एक माणूस पुरे.