अट आधी, सही नंतर

आपल्या घरांत मुलीचं नाव ठेवताना किती चर्चा होते! आजीचा हट्ट, मामूंची पसंती, अर्थ चांगला आहे ना याची खात्री. मग कुठे अकीक्याला ते नाव पक्कं होतं. पुढे नोकरीच्या दारात कुणी म्हणालं, ‘हे नाव चालणार नाही, बदला,’ तर?

हिंदी सिनेमात हे सर्रास घडलं. मुमताज जहाँची मधुबाला झाली, महजबीनची मीना कुमारी, नवाब बानोची निम्मी. युसूफ खानसुद्धा दिलीप कुमार झाले. त्या काळची ती रीतच होती, त्यांना दोष देण्याचं कारण नाही.

या रीतीला नकार दिला तो वहिदा रेहमान यांनी. जन्म १९३८चा, तमिळनाडूतल्या चेंगलपट्टूचा. वडील सरकारी अधिकारी. त्यांनी मुलींना भरतनाट्यम् शिकू दिलं. ते लवकर अल्लाहला प्यारे झाले आणि घर अडचणीत आलं. ‘रोजुलु मारायी’ या तेलुगू चित्रपटातल्या नाचामुळे गुरुदत्त यांचं लक्ष वहिदांकडे गेलं आणि त्यांना मुंबईचं बोलावणं आलं. चित्रपट होता ‘सी.आय.डी.’. दिग्दर्शक राज खोसला यांना नाव लांब वाटलं, बदला म्हणाले. आईवडिलांनी दिलेलं नाव बदलणार नाही, असं वहिदांनी सांगितलं. वय सतरा-अठरा, वडिलांचं छत्र नाही, समोर नामवंत मंडळी. एवढ्यावर त्या थांबल्या नाहीत. जो पोशाख पसंत नसेल तो घालणार नाही, ही अट त्यांनी करारात लिहून घेतली. सही करायला आई सोबत होत्या.

काम गेलं का? नाही. १९५६ साली ‘सी.आय.डी.’ आला, पुढच्याच वर्षी ‘प्यासा’, मग ‘चौदहवीं का चाँद’, ‘गाइड’. ‘रेश्मा और शेरा’साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. २०२३ साली, वयाच्या पंच्याऐंशीव्या वर्षी, त्यांना दादासाहेब फाळके पुरस्कार देण्यात आला. आपल्या नाशिककडच्या फाळक्यांना १९१३च्या ‘राजा हरिश्चंद्र’साठी एकही स्त्री मिळाली नव्हती, तारामती साळुंके नावाच्या पुरुषाने केली. त्याच फाळक्यांच्या नावाचा सन्मान वहिदांनी आपल्या जन्मनावाने घेतला.

सिनेमा पाहावा की नाही, यावर आपल्या घरांत मतभेद आहेत. तो वाद आज बाजूला ठेवू. मला त्या करारातली अट महत्त्वाची वाटते. पनवेलहून आपल्या कितीतरी मुली सकाळची लोकल पकडून बेलापूर, वाशी, मुंबईला कामाला जातात. मुलाखतीत आपली मुलगी गप्प बसते, कारण ‘जास्त बोलू नकोस, नोकरी जाईल’ असं आपणच तिला बजावून पाठवलेलं असतं. कामाचे तास किती, उशीर झाला तर गाडी मिळेल का, डोक्यावर ओढणी चालेल का, पगार कोणत्या तारखेला, हे विचारणं म्हणजे उद्धटपणा नव्हे. उलट, रुजू झाल्यावर तक्रार करण्यापेक्षा हे आधी विचारलेलं दोघांनाही बरं.

अट घातल्यावर प्रत्येक वेळी काम मिळेलच असं नाही. एखादी नोकरी हातची जाईलही. अशा वेळी घरच्यांनी ‘कशाला तोंड उघडलंस?’ असं म्हणू नये. वहिदांच्या शेजारी त्यांची आई बसली होती. आपल्या मुलींच्या शेजारी आपण बसायला हवं. नेमणुकीचं पत्र घरी आलं की सगळ्यांनी मिळून वाचावं, न समजलेल्या ओळीखाली रेघ मारावी आणि विचारून घ्यावं. सही त्यानंतर.