एकास तीनशे

टेनिसचा सामना पाहावा आणि भाकीत करू नये, असा संयमी माणूस मला अजून भेटायचा आहे. पहिले दोन गेम होतात न होतात तोच ‘हीच जिंकणार!’ असे जाहीर केल्याखेरीज आपल्याला स्वस्थ बसवत नाही. त्यात गैर काहीच नाही. मात्र भाकितामागे पैसा उभा राहिला की मामला निराळा होतो.

2015 सालच्या अमेरिकन स्पर्धेतला उपांत्य सामना घ्या. एका बाजूला सेरेना विल्यम्स. त्या वर्षीच्या तिन्ही मोठ्या स्पर्धा तिने जिंकलेल्या. चौथी जिंकती, तर 1988 मधल्या स्टेफी ग्राफच्या पराक्रमाशी बरोबरी झाली असती. समोर इटलीची रॉबर्टा विन्ची. वय 32, जगात 43 वी. आधीच्या चार भेटींत तिला सेरेनाकडून एक सेटही मिळाला नव्हता. विन्चीवर भाव निघाला एकास तीनशे! पहिला सेट सेरेनाने 6-2 असा घेतला. पुढचे दोन्ही विन्चीने 6-4, 6-4 असे घेतले आणि भले भले पंडित तोंडात बोट घालून बसले.

मग बुकी बुडाला का? छे! भाव म्हणजे भविष्य नव्हे, वाचकहो; तो दुकानदाराचा हिशेब आहे. ज्या खेळाडूवर पैसा धावतो तिचा भाव तो उतरवतो, दुसरीचा चढवतो. समजा, दोघी तुल्यबळ आहेत. बुकी म्हणतो, कोणीवरही 100 रुपये लावा. जिंकलात तर मुद्दलासकट 190 घ्या. दोन गृहस्थांनी दोघींवर शंभर-शंभर लावले. आले 200, गेले 190. कोणीही जिंको, 10 रुपये त्याच्या गल्ल्यात!

पण पैशाचे नुकसान मला त्यातल्या त्यात लहान वाटते. 1993 च्या विम्बल्डन अंतिम सामन्यात याना नोव्होत्ना तिसऱ्या सेटमध्ये ग्राफविरुद्ध 4-1 अशी पुढे होती. सर्व्हिस तिची, गुण 40-30. तिथे तिने डबल फॉल्ट केला, आणि मग सगळेच निसटत गेले. बक्षीस घेताना ती डचेस ऑफ केंट यांच्या खांद्यावर डोके ठेवून रडली आणि पाहणाऱ्यांचेही डोळे पाणावले. पाच वर्षांनी ती तिथेच जिंकली, तेव्हा किती परक्या माणसांना आनंद झाला!

आता त्याच डबल फॉल्टवर ज्याचे हजार रुपये गेले, त्याच्या डोळ्यांत पाणी कुठून येणार? तो शिव्या घालतो, आणि आज त्या मोबाईलवरून थेट खेळाडूपर्यंत पोचतात. महिला टेनिस संघटना आणि आंतरराष्ट्रीय टेनिस महासंघ यांनी 2024 सालची पाहणी केली. 458 खेळाडूंना उद्देशून सुमारे 8,000 शिवराळ मजकूर सापडले. त्यांतले 40 टक्के पैजेत हरलेल्या संतापी लोकांचे होते. जिने यांच्याकडून दमडी घेतली नाही, तीच जणू यांची कर्जदार!

तेव्हा घरात भाकिते खुशाल करा. ज्याचे चुकेल त्याने सर्वांसाठी चहा करावा. तेवढ्या पैजेत हरणाऱ्या पोरीबद्दल चुकचुकायला मन मोकळे राहते.