करार दूरच्या देशांचे, किंमत वेचणाऱ्या हातांची

अमेरिका आणि चीन यांच्यात व्यापारावरून भांडण चालू आहे, ब्राझीलने अमेरिकेशी काय तडजोड केली, कापसावरचे आयात शुल्क किती, याच्याशी आंबेडकरी तरुणांचा काय संबंध? हा प्रश्न विरोधक विचारत नाहीत, आपलेच कार्यकर्ते विचारतात. त्यांचे म्हणणे असे की भाव, शुल्क, निर्यात हे जमीनवाल्यांचे विषय. आपल्या बापजाद्यांच्या नावावर जमीन नव्हती, आजही बहुतेकांच्या नावावर नाही. आपण शिष्यवृत्ती, आरक्षण, अॅट्रॉसिटी आणि नोकरभरती यांवर बोलावे. आम्हाला हे म्हणणे मान्य नाही. ज्याच्या नावावर जमीन नाही, त्याच्याच अंगावर या दूरच्या सौद्यांचा सर्वात मोठा भार पडतो, आणि भरपाई वाटताना त्याचेच नाव यादीत नसते, असे आमचे स्पष्ट मत आहे.

बुलढाणा जिल्ह्याला तरी हे नव्याने सांगायची गरज नसावी. १८५३ साली निजाम आणि ईस्ट इंडिया कंपनी यांच्यात तह झाला. निजामाच्या नावाने ठेवलेल्या फौजेच्या खर्चाचे कर्ज थकले होते. त्या कर्जापोटी वऱ्हाड कंपनीच्या ताब्यात गेला. हैदराबाद आणि कलकत्ता यांच्यातला हिशेब मिटवण्यासाठी इथली माती आणि माणसे तारण पडली. इथल्या माणसांना कुणी विचारले नाही.

पुढे १८६१ ते १८६५ अमेरिकेत यादवी युद्ध झाले. दक्षिणेकडच्या राज्यांतला, गुलामांच्या श्रमावर पिकणारा कापूस इंग्लंडला मिळेनासा झाला. लँकेशायरच्या गिरण्या थंडावल्या आणि इंग्लंडची नजर वऱ्हाडाकडे वळली. भाव आभाळाला भिडले. खामगाव कापसाची मोठी बाजारपेठ बनले आणि १८७० साली जलंब ते खामगाव रेल्वे सुरू झाली. जेमतेम तेरा किलोमीटरचा हा फाटा प्रामुख्याने कापूस बाहेर नेण्यासाठी टाकला होता. पण रेल्वे येईपर्यंत युद्ध संपून पाच वर्षे झाली होती, अमेरिकेचा कापूस पुन्हा बाजारात आला होता आणि युद्धकाळातले भाव कोसळले होते. तेजीत अडते, दलाल आणि निर्यातदार पेढ्या श्रीमंत झाल्या. मंदी मात्र कर्ज काढून पेरणाऱ्या कुळाच्या आणि त्याच्या शेतात राबणाऱ्यांच्या वाट्याला आली. अमेरिकेतल्या गुलामांच्या मुक्तीची लढाई आणि वऱ्हाडातल्या अस्पृश्याची भाकरी एकाच बाजाराने जोडली होती. हे समजून घेण्यासाठी विद्यापीठात जावे लागत नाही, खामगावचा इतिहास पुरतो.

आता २०२५ सालाकडे या. ७ ऑगस्टपासून अमेरिकेने भारतीय मालावर २५ टक्के शुल्क लावले. रशियाचे तेल घेता म्हणून २७ ऑगस्टपासून आणखी २५ टक्के वाढवले. भांडण वॉशिंग्टन, मॉस्को आणि दिल्ली यांच्यातले. पण त्याच महिन्यात, १९ ऑगस्टपासून, केंद्र सरकारने परदेशी कापसावरचे ११ टक्के आयात शुल्क काढून टाकले. आधी ३० सप्टेंबरपर्यंत, मग लगेच ३१ डिसेंबरपर्यंत. कारण सांगितले कापड उद्योगाला दिलासा देण्याचे.

तारखा नीट बघा. घाटाखाली मलकापूर, नांदुरा, शेगाव, जळगाव जामोद, संग्रामपूर या पट्ट्यात कापसाची लागवड जूनमध्ये होते. बियाणे, खत, फवारणी यांचा खर्च होऊन गेला आणि मग ऑगस्टमध्ये नियम बदलला. वेचणी दसऱ्याच्या आगेमागे सुरू होते. म्हणजे ज्या महिन्यांत आपला कापूस बाजारात येतो, नेमके त्याच महिन्यांत परदेशी कापसाला दार उघडे. गिरणीला बाहेरचा माल शुल्काशिवाय मिळत असेल तर ती इथल्या जिनिंगला जास्त भाव का देईल? लांब धाग्याच्या कापसाचा हमीभाव क्विंटलला ८,११० रुपये जाहीर झाला होता. खुल्या बाजारातले भाव त्याच्या खाली राहिले.

घाटावरची गोष्ट वेगळी नाही. चिखली, मेहकर, लोणार, सिंदखेडराजा हा सोयाबीनचा भाग. चीनने अमेरिकेवर डाव म्हणून तिच्या सोयाबीनची नवी खरेदी कित्येक महिने जवळजवळ बंद ठेवली. ३० ऑक्टोबरला दोन्ही देशांचे अध्यक्ष दक्षिण कोरियात भेटले आणि चीन पुढची तीन वर्षे दरवर्षी अडीच कोटी टन सोयाबीन घेईल असे अमेरिकेने जाहीर केले. अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षाने आपल्या शेतकऱ्याचे सोयाबीन भेटीच्या टेबलावर ठेवले, त्यासाठी सौदा केला. आपल्याकडे काय झाले? ३० मे २०२५ रोजी कच्च्या खाद्यतेलावरचे मूळ आयात शुल्क २० टक्क्यांवरून १० टक्क्यांवर आले. सोयाबीनला ५,३२८ रुपये हमीभाव जाहीर झाला होता, पण बाजारात तो मिळाला नाही.

इथपर्यंतचे शेतकरी नेतेही सांगतात. त्यांचे भाषण जिथे थांबते तिथून आमचे सुरू होते.

भाव पडला की शेतमालक बँकेचे देणे टाळू शकत नाही, कृषी केंद्रवाल्याची उधारी टाळू शकत नाही. त्याचा हात आखडतो तो मजुरीत. वेचणीचा किलोमागचा दर वाढत नाही, सोंगणीचा एकरी गुत्ता खाली ओढला जातो, हिशेब पुढच्या बाजारावर ढकलला जातो. वेचणीला कोण जाते? बहुतांश बायका. त्यांतल्या कितीतरी आपल्या वस्तीतल्या आया, मावश्या, वहिन्या. त्यांना शुल्काची अधिसूचना कधी निघाली हे माहीत नसते, पण तिचा परिणाम त्यांच्या ओट्यातल्या कापसाच्या वजनावर होतो.

आणि भरपाई? भारतीय कापूस महामंडळाला हमीभावाने कापूस विकायचा तर ‘कपास किसान’ अॅपवर नोंदणी लागते. नोंदणीला जमिनीचा कागद लागतो. सोयाबीनच्या सरकारी खरेदीलाही सातबारा आणि पीकपेरा लागतो. मग जो पिढ्यान्पिढ्या गायरान कसतो त्याचे काय? जो बटाईने करतो त्याचे काय? गाव नमुना १-ई मध्ये ‘अतिक्रमणदार’ म्हणून ज्याचे नाव आहे, त्याने पिकवलेला कापूस हा कापूस नाही का? तो हमीभावाच्या दारातून परत फिरतो आणि खेड्यातल्या खरेदीदाराला पडेल त्या भावाने माल देतो. नुकसान सगळ्यांचे, पण संरक्षण फक्त सातबाऱ्याचे! जात जमिनीच्या कागदात लपून बसते ती अशी.

कुणी म्हणेल, कापड गिरण्यांत आणि शिलाई कारखान्यांतही आपलेच लोक आहेत. अमेरिकेच्या शुल्काने त्यांच्या नोकऱ्या गेल्या असत्या. खरे आहे. पण मग सवलत देताना एवढी अट घालायची होती की मजूर कमी करणार नाही, मजुरी कापणार नाही. अशी कोणतीही अट नव्हती. सवलत मालकाला मिळाली, मजुराच्या नावाने. दुसरे कुणी म्हणेल, तेल स्वस्त झाले तर भूमिहीनाचेही भलेच आहे. तेही खरे. आमच्या घराला स्वस्त तेल हवेच. पण ते रेशनच्या दुकानातून द्या, सोंगणीच्या मजुरीतून वसूल करू नका.

बाबासाहेबांनी हा प्रश्न फार आधी ओळखला होता. १९२३ च्या ‘प्रॉब्लेम ऑफ द रुपी’ या ग्रंथात त्यांनी दाखवले की रुपयाचा विनिमय दर घसरला की निर्यातदाराला होणारा फायदा परदेशातून येत नाही. किमती वाढतात, मजुरी मागे राहते, आणि तो फायदा देशातल्याच कष्टकऱ्याच्या खिशातून निघतो. १९५१ साली मंत्रिमंडळ सोडताना हिंदू कोड बिलाबरोबर त्यांनी परराष्ट्र धोरणाचाही हिशेब मांडला. वर्षाच्या ३५० कोटींच्या महसुलातले १८० कोटी सैन्यावर जातात, हे त्यांनी आकड्यांत सांगितले. परदेशाशी असलेले संबंध आणि गरिबाची थाळी यांचा संबंध जोडणारा नेता आपला आहे. आणि आपणच म्हणायचे की हा आपला विषय नाही?

संघटित माणूस अशा सौद्यात काय मिळवतो ते ब्राझीलकडे पाहा. अमेरिका आपल्या कापूस उत्पादकांना अनुदान देऊन जगाचा भाव पाडते, अशी तक्रार ब्राझीलने २००२ मध्ये जागतिक व्यापार संघटनेत केली आणि ती जिंकली. २०१४ मध्ये अमेरिकेने ब्राझीलच्या कापूस संस्थेला ३० कोटी डॉलर देऊन वाद मिटवला. त्याच अनुदानाने बेनिन, बुर्किना फासो, चाड आणि माली हे आफ्रिकेतले गरीब देश भरडले जात होते. त्यांनीही २००३ पासून आवाज उठवला. त्या तडजोडीत त्यांना काही मिळाले नाही, वऱ्हाडाला तर नाहीच. ज्याचे दडपण होते त्याने वाटा घेतला.

तेव्हा ‘स्वदेशी’च्या नाऱ्यात वाहून जायचे नाही आणि ‘आपल्याला काय त्याचे’ म्हणून घरीही बसायचे नाही. शेतकऱ्यांच्या मोर्चात जायचे, पण आपली मागणी आपल्या फलकावर लिहून. आमच्या मागण्या अशा आहेत :

१. पेरणी झाल्यानंतर आणि माल बाजारातून संपेपर्यंत त्या पिकाचे आयात शुल्क संसदेत चर्चा न करता कमी करू नये.

२. सरकारी खरेदीत कसणाऱ्याची नोंद व्हावी. गायरानधारक आणि बटाईदार यांना तलाठ्याचा पंचनामा आणि ग्रामसभेचा ठराव यांवर नोंदणी मिळावी.

३. २८ नोव्हेंबर १९९१ च्या शासन निर्णयानुसार पात्र असलेली दलित-आदिवासींची गायराने तातडीने नावावर करावीत. कर्मवीर दादासाहेब गायकवाड योजनेत ठरलेली ४ एकर कोरडवाहू किंवा २ एकर बागायती जमीन कागदावर न ठेवता प्रत्यक्ष द्यावी.

४. उद्योगाला शुल्कमाफी देताना रोजगार आणि मजुरीची अट घालावी, आणि भाव पडलेल्या हंगामात शेतमजुरांसाठी स्वतंत्र मदत जाहीर करावी.

तरुणांनो, काम आपल्या गावापासून सुरू करा. माहितीच्या अधिकारात गाव नमुना १-ई चा उतारा मागा. किती कुटुंबे गायरान कसतात, त्यांतल्या किती जणांचा माल सरकारी केंद्रावर गेला, याची यादी बनवा. वेचणीला जाणाऱ्या बायकांना तीन वर्षांचे दर विचारा आणि लिहून ठेवा. ती यादी घेऊन ग्रामसभेत उभे राहा, मग तहसीलवर जा. दादासाहेब गायकवाडांच्या १९६४-६५ च्या भूमिहीन सत्याग्रहात लाखो माणसे तुरुंगात गेली ती ‘जमीन आमचा विषय नाही’ म्हणून नव्हे.

पुढचा करार कुठल्याही राजधानीत होऊ द्या. तो होण्याआधी बुलढाण्यातल्या वेचणाऱ्या बाईचा हिशेब आपल्या वहीत तयार असला पाहिजे.

जय भीम! जय संविधान!