नाटक तेच, पडदा आपला

आजचा विषय वाचून काहीजण म्हणतील, मास्तरांना आता हे कुठलं नवं खूळ? संगणकावर जुने व्हिडिओ गेम चालवायचे आणि त्यांची चित्रं बदलायची, हा काही सत्तरी ओलांडलेल्या मराठीच्या मास्तराचा विषय नव्हे. मान्य. पण गेल्या मे महिन्याच्या सुट्टीत तो आमच्या सोप्यात घडला, मीही त्यात ओढला गेलो, आणि आता त्यावर माझं एक मत झालेलं आहे. मत झालं की लिहिल्याशिवाय मला झोप येत नाही, हे तुम्हाला ठाऊक आहेच.

आधी वस्तू काय ते सांगतो. टीव्हीला जोडून खेळायचं जे यंत्र, त्याला कन्सोल म्हणतात. सोनी कंपनीचं प्लेस्टेशन २ हे त्यातलं सगळ्यांत खपलेलं. २००० साली जपानमध्ये आलं, जगभरात पंधरा कोटींहून जास्त विकलं गेलं, आणि २०१३ च्या सुरुवातीला त्याचं उत्पादन थांबल्याची बातमी आली. आमच्या मुलानं घेतलेलं एक यंत्र माळ्यावर आहे. चालू होतं, मूड असेल तर. आता संगणकाला या यंत्राचं सोंग घ्यायला लावणारे प्रोग्रॅम असतात, त्यांना एम्युलेटर म्हणतात. आपल्याकडे बहुरूपी यायचे, पोलिसाचा वेष करून दारात उभे राहायचे आणि घरातली म्हातारी खरंच घाबरायची, तसंच. गेमला वाटतं आपण खऱ्या प्लेस्टेशनवर आहोत. पीसीएसएक्स२ नावाचा असा एक बहुरूपी फुकट मिळतो. मात्र त्याच्या झोळीत ना गेम असतो, ना यंत्राचा मूळ प्रोग्रॅम. ते दोन्ही आपल्याच यंत्रातून आणि आपल्याच डिस्कवरून घ्यावं लागतं. नातवानं 'नेटवर सगळं मिळतंय की आजोबा' असं सुरू केलं होतं. ते मी चालू दिलं नाही. घरात डिस्क असताना चोरी कशाला?

आणि टेक्स्चर? इथे कोल्हापूरकरांना समजावणं सोपं आहे. आनंदराव आणि बाबूराव पेंटर हे बंधू संगीत नाटक कंपन्यांसाठी पडदे रंगवायचे. (याच बाबूरावांनी १९२० साली 'सैरंध्री' हा मूकपट काढला.) राजवाड्याचा पडदा, रस्त्याचा पडदा, अरण्याचा पडदा. नटाची वाक्यं तीच, पदं तीच, प्रवेश तेच. पण पडदा नवा आला की लोक पुन्हा तिकीट काढायचे. गेममध्येही अगदी असंच आहे. भिंत, रस्ता, माणूस हे सगळे आतून नुसते सांगाडे असतात आणि त्यांच्यावर चित्रं गुंडाळलेली असतात. त्या चित्रांना टेक्स्चर म्हणतात. कुणीतरी ती सगळी नव्यानं काढून एकत्र बांधली की झाला टेक्स्चर पॅक. चेंडूचा वेग तोच, धावा त्याच, पडदा फक्त नवा.

बसवणं अवघड नाही. प्रत्येक डिस्कचा एक क्रमांक असतो. एम्युलेटरच्या टेक्स्चरच्या फोल्डरमध्ये त्या क्रमांकाचा फोल्डर, त्यात 'रिप्लेसमेंट्स' नावाचा दुसरा, आणि त्यात नवी चित्रं टाकायची. मग ग्राफिक्सच्या सेटिंगमध्ये 'लोड टेक्स्चर्स'वर खूण करायची. संपलं! मूळ गेमच्या फायलीला हातसुद्धा लागत नाही. खूण काढली की जुनं रूप जसंच्या तसं समोर. मला या साऱ्या प्रकारात सगळ्यांत आवडली ती ही खूण. आमच्या भागात कितीतरी जुन्या दगडी देवळांना गावानं भक्तिभावानं ऑईलपेंट फासलाय. वीरगळांनाही सोडलेलं नाही. तिथे अशी खूण काढायची सोय असती तर!

आता माझं मत. बहुतेक पॅक हे नुसतं पालिश असतं. मूळचं धूसर चित्र यंत्राकडून मोठं आणि टोकदार करून घेतलेलं. प्लेस्टेशन २ ची चित्रासाठीची स्मृती अवघी ४ एमबी. तेवढ्यात सगळं बसवायचं म्हणून त्या चित्रकारांनी १६ किंवा २५६ रंगांत काम भागवलं. २५६ रंगांचं १२८ बाय १२८ ठिपक्यांचं चित्र साधारण १६ केबीत मावतं. तेच चारपट लांब आणि चारपट रुंद करून पूर्ण रंगांत ठेवलं तर १ एमबी होतं, म्हणजे ६४ पट. आमच्या जुन्या संगणकाचा पंखा पिठाच्या गिरणीसारखा ओरडायला लागला. आणि एवढं करून हाती काय? ज्या भिंतीकडे खेळताना कुणी बघत नाही, तिची वीट न वीट दिसायला लागली. नातू म्हणाला, "आजोबा, कसलं भारी दिसतंय बघा की!" पाच मिनिटांनी तोही विसरला.

पालिशचा धोकाही असतो. २०२१ च्या नोव्हेंबरात 'ग्रँड थेफ्ट ऑटो' या मालिकेतले तीन जुने गेम नव्या झळाळीत बाजारात आले. चित्रं मोठी करायचं काम यंत्राकडे दिलेलं. यंत्राला अक्षर कळत नाही, आकार कळतो. दुकानांच्या पाट्यांवर चुकीची स्पेलिंगं उमटली. एका डोनटच्या दुकानावर नटबोल्टातला षटकोनी नट लावलेला होता, दुकानाच्या नावातच 'नट' असल्यामुळे. घासूनपुसून तो गोल झाला आणि विनोद मेला. गिऱ्हाइकं इतकी चिडली की कंपनीनं माफी मागितली आणि संगणकासाठीचे जुने गेम पुन्हा विकायला ठेवले. वाचता न येणाऱ्याच्या हाती पाटी रंगवायला दिली की दुसरं काय होणार?

पण याच सोयीचा दुसरा एक उपयोग आहे, आणि त्यासाठीच हा लेखप्रपंच.

मुंबईच्या ट्राइन नावाच्या कंपनीनं २०१० साली प्लेस्टेशन २ साठी 'स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स' हा गल्ली क्रिकेटचा गेम काढला. (त्याच्या आदल्या वर्षी हैदराबादच्या एका कंपनीचा हनुमानावरचा गेम याच यंत्रासाठी आला होता.) आमच्या घरातली डिस्क ही ट्राइनची. गेम म्हणून थोर आहे असं मी म्हणणार नाही, पण गल्ली ओळखीची वाटते. मी नातवाला म्हटलं, अरे, पाहिजे ते चित्र लावता येतं ना? मग त्या भिंतीवर मराठी लिही की.

झालं, कामाला लागलो. 'डम्प टेक्स्चर्स'वर खूण केली की खेळताना पडद्यावर येणारं एकेक चित्र एम्युलेटर बाजूला काढून ठेवतो. शेकडो फायली जमल्या. नावं म्हणजे नुसते आकडे आणि अक्षरांची भेळ, पण त्यातलं एक अक्षर इकडचं तिकडे झालं तरी चित्र लागत नाही. शिवाय उघडावं ते चित्र फिकट, अर्धं पारदर्शक. पोराला वाटलं काहीतरी बिघडलं. बिघडलेलं काही नसतं. आपल्या संगणकाच्या लेखी पूर्ण अपारदर्शक म्हणजे २५५, प्लेस्टेशन २ च्या लेखी १२८. तो निम्मेपणा नव्या चित्रातही तसाच राखायचा. वजनमापं बदलली की गावोगावी हिशेब चुकायचे, त्यातलाच प्रकार.

भिंत सापडली. लिहायचं काय, यावर वाद झाला. त्याला 'शाहूवाडी वॉरियर्स' पाहिजे होतं. मी म्हटलं, भिंतीचा मालक काय लिहील ते लिही. शेवटी ठरलं : 'चेंडू आत आल्यास परत मिळणार नाही'. त्यानं कागदावर 'मिळनार' लिहिलं, ते मी खोडलं. मग मी स्वतः चित्रकलेच्या कागदावर ब्रशनं लिहिलं, त्यानं मोबाइलवर फोटो घेतला, मापात कापला, फोल्डरात टाकला. गेम सुरू केला तर गल्लीत ओळीनं चार भिंतींवर तीच सूचना, कारण एकच चित्र चार ठिकाणी वापरलेलं. एका ठिकाणी तर आरशातल्यासारखी उलटी! चारही घरांचे मालक तितकेच खडूस. आम्ही दोघं पोट धरून हसलो. त्याची आजी स्वयंपाकघरातून बघायला आली.

त्या उन्मादात आम्ही मेनूकडे वळलो, आणि तिथे गाडं अडलं. तिथली अक्षरं चित्र म्हणून सलग नसतात. ए, बी, सी असे सुटे चौकोन असतात आणि गेम ते एकापुढे एक मांडतो. ए च्या जागी 'अ' काढून ठेवला म्हणून मराठी होत नाही. पहिली वेलांटी आपण व्यंजनाच्या आधी काढतो आणि नंतर उच्चारतो. उकार खाली लटकतो, रफार पुढच्या अक्षराच्या डोक्यावर जाऊन बसतो, जोडाक्षरात अर्धं अक्षर दुसऱ्याला चिकटतं. त्या चौकोनांना यातलं काही ठाऊक नाही.

आणि मला आपल्या छपाईचा इतिहास आठवला. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात गणपत कृष्णाजींनी मुंबईत आधी शिळाप्रेसवर छापलं. दगडावर अख्खं पान हातानं लिहिलेलं, त्यामुळे वेलांटीला अडचण नव्हती. कष्ट लागले ते खिळ्यांना. जावजी दादाजींच्या निर्णयसागरानं (स्थापना १८६९) देवनागरीचे सुबक खिळे पाडले, तेव्हा कुठे ते काम डोळ्यांना गोड वाटायला लागलं. भिंतीवरची पाटी म्हणजे शिळाप्रेस आणि मेनू म्हणजे खिळे. दीडशे वर्षांनी तेच कोडं माझ्या सोप्यात येऊन बसलं होतं.

तुम्ही म्हणाल, एका जुन्या गेममधल्या भिंतीवर मराठी आली काय आणि न आली काय, एवढं मनावर घ्यायचं कारण? कारण मी आयुष्यभर वर्गात हे बघितलंय. मराठी चांगली बोलणारं पोर मराठी लिहायला मात्र फक्त परीक्षेत बसतं. बाकी त्याचं सगळं जग इंग्रजी अक्षरांत. मोबाइलवर आईला निरोप पाठवतो तोही 'mi yeto' म्हणून, म्हणजे आपलीच भाषा उसन्या कपड्यांत. (हे दोन शब्द देवनागरीत लिहिले तर मुद्दाच दिसणार नाही, पण तेवढी शिस्त मी स्वतःला लावून घेतली आहे, तेव्हा 'एम आय' आणि पुढे 'वाय ई टी ओ' असं समजून घ्या.) लिपी म्हणजे मार्क कापणारी गोष्ट, खेळातली नव्हे, हे त्याच्या मनावर पक्कं बसतं. दुकानांच्या पाट्या मराठीत लावायला सरकारला २०२२ मध्ये कायद्यात दुरुस्ती करावी लागली, आणि २०२३ च्या सप्टेंबरात सर्वोच्च न्यायालयानं दुकानदारांना दोन महिन्यांची मुदत दिली. गेममधल्या पाट्यांसाठी असा कायदा कोण करणार? कुणी करूही नये. पण इथे कायदा लागतच नाही, प्रोग्रॅमिंग लागत नाही, कंपनीकडे अर्ज करावा लागत नाही. हात, ब्रश आणि थोडा चिवटपणा पुरतो. आणि फक्त आपण काढलेली चित्रं दुसऱ्याला दिली, गेम दिला नाही, तर कुणाचा माल लुटल्याचा ठपकाही आपल्यावर येत नाही.

माझा एक जुना सहकारी, चित्रकलेचा शिक्षक, हे ऐकून म्हणाला, पोरांना गेमचा नाद आधीच कमी आहे का? त्याचं म्हणणं मी उडवून लावत नाही. पण त्या आठ दिवसांत नातू खेळला किती आणि पाट्या रंगवत बसला किती, हे मी बघितलंय. 'ण' आणि 'न' साठी वहीत शंभरदा लिहायला लावूनही जे साधलं नाही, ते त्या खडूस घरमालकानं साधलं. आता मी त्या सहकाऱ्यालाच कामाला लावलंय. पेंटर लोक वळणदार जाड अक्षरं काढायचे, ती त्याला अजून छान जमतात. बांबवडे, सरूड, मलकापूर, आंबा अशा नावांच्या पाट्या त्यानं काढून दिल्या आहेत. घाटाच्या रस्त्याचा एखादा गाड्यांचा गेम हाती लागला की तिथे वापरू.

मेनूचं कोडं अजून सुटलेलं नाही. नातवाच्या म्हणण्याप्रमाणे काही गेममध्ये 'स्टार्ट'सारखे शब्द सुट्या अक्षरांत नसून अख्खं एक चित्र असतात. तसं असेल तर 'खेळ सुरू करा' एकसंध बसेल. 'सुरू' मधले दोन्ही उकार मी त्याला फळ्यावर लिहून दिलेत, पहिला ऱ्हस्व, दुसरा दीर्घ. दिवाळीच्या सुट्टीत तो आला की बघायचं.