कॅमडेनहून : गप्प राहणारा नायक

मंडळी, आपली इथे वाढलेली मुलं ओम पुरींना ओळखतात ती ‘ईस्ट इज ईस्ट’ (१९९९) मधला तापट बाप म्हणून. त्याआधीचे ओम पुरी त्यांना ठाऊक नाहीत, आणि विजय तेंडुलकर तर नाहीतच नाहीत. म्हणून कॅमडेनमधल्या आम्ही तीन-चार कुटुंबांनी मुलांना बरोबर बसवून ‘आक्रोश’ (१९८०) पाहिला. दिग्दर्शन गोविंद निहलानींचं, कथा-पटकथा तेंडुलकरांची.

तेंडुलकर म्हटलं की आपल्याला आठवतात ती नाटकं. पण ‘सामना’, ‘निशांत’, ‘मंथन’, ‘सिंहासन’, ‘अर्धसत्य’ या साऱ्या पटकथाही त्यांच्याच, दहाएक वर्षांतल्या. ‘मंथन’ (१९७६) गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी दोन-दोन रुपये घालून काढला. त्याची नवी केलेली प्रत २०२४ साली कान महोत्सवात दाखवली गेली.

गंमत अशी, की यातल्या हिंदी चित्रपटांचे संवाद दुसऱ्यांचे आहेत. ‘निशांत’ आणि ‘आक्रोश’चे सत्यदेव दुबेंचे, ‘मंथन’चे कैफी आझमींचे, ‘अर्धसत्य’चे वसंत देवांचे. मग तेंडुलकरांचं त्यात काय, असं कुणी विचारलं तर ‘आक्रोश’ दाखवावा. आदिवासी लहान्या भिकूवर बायकोच्या खुनाचा आरोप आहे. तरुण वकील भास्कर कुलकर्णी (नसीरुद्दीन शाह) परोपरीने विचारतो, पण हा तोंडच उघडत नाही. खरे गुन्हेगार गावातली बडी मंडळी. बोलून उपयोग नाही हे त्याला पक्कं माहीत. सरकारी वकील दुसाने स्वतः आदिवासी. जातीवरून फोनवर शिव्या ऐकतो, नि तोही गप्प. ज्या लेखकाच्या शब्दांनी रंगभूमीवर वादळं उठवली, त्याने पडद्यावर माणसांना मुकं केलं! संवाद कुणीही लिहावेत. कुणी कधी बोलायचं नाही हे ठरवणारे तेंडुलकर.

शेवटी बापाच्या चितेपाशी लहान्या कुऱ्हाड उचलतो आणि स्वतःच्या बहिणीलाच मारतो. बायकोचं झालं ते हिचं होऊ नये म्हणून. मग त्याची ती किंकाळी.

दिवे लागले तरी कुणी उठेना. मग विद्यापीठात शिकणारी एक मुलगी म्हणाली, “काका, पण त्या बहिणीला कुणी विचारलं?” मोठ्यांनी ‘त्या काळी’, ‘त्या परिस्थितीत’ असं बरंच समजावलं. मला मात्र तिचं पटलं. लहान्याचं मौन आपल्याला ऐकू येतं. बहिणीच्या वाट्याला तेवढंही येत नाही. चित्रपट थोर आहे, पण ही उणीव आहेच.

म्हणून पुढच्या खेपेला ‘उंबरठा’ (१९८२) लावायचं ठरलंय. शांता निसळ यांच्या ‘बेघर’वरून पटकथा तेंडुलकरांचीच, दिग्दर्शक जब्बार पटेल. ‘आक्रोश’मध्ये मारली गेलेली बायको झालेली स्मिता पाटील इथे महिला सुधारगृहाची अधीक्षक आहे, आणि चांगली बोलते. ती घर सोडते ते बरोबर की चूक, यावर आमच्यात आत्ताच दोन तट पडलेत. यायचं असेल त्यांनी आधी कळवा, म्हणजे बटाटेवड्यांचा अंदाज येईल.