विश्लेषण : येल विद्यापीठाला ज्याचे नाव, तो मद्रासचा गव्हर्नर कोण होता? गुलामांच्या व्यापाराशी त्याचा संबंध काय?

अमेरिकेतील येल विद्यापीठाने १६ फेब्रुवारी २०२४ रोजी गुलामगिरीशी असलेल्या आपल्या ऐतिहासिक संबंधांबद्दल जाहीर माफी मागितली. इतिहासकार डेव्हिड ब्लाइट यांच्या नेतृत्वाखाली झालेल्या संशोधनाचे पुस्तकही त्याच दिवशी प्रसिद्ध झाले. विद्यापीठाचे नाव मात्र कायम आहे. हे नाव ज्याचे आहे, तो एलिहू येल ईस्ट इंडिया कंपनीचा अधिकारी होता आणि त्याची सगळी कमाई मद्रासमधली, म्हणजे आजच्या चेन्नईतली होती. त्यामुळे हा वाद वाटतो तितका परका नाही.

एलिहू येल कोण होता?

येलचा जन्म ५ एप्रिल १६४९ रोजी अमेरिकेतील बोस्टनमध्ये झाला. तो लहान असतानाच कुटुंब इंग्लंडला परतले आणि त्यानंतर तो पुन्हा कधीही अमेरिकेत गेला नाही. १६७२ मध्ये तो कंपनीचा साधा कारकून म्हणून मद्रासच्या सेंट जॉर्ज किल्ल्यात दाखल झाला. तेव्हा कारकुनाचा पगार होता वर्षाला जेमतेम १० पौंड. १६८७ मध्ये तो मद्रासचा प्रेसिडेंट, म्हणजेच गव्हर्नर झाला. मद्रासची महापालिका १६८८ मध्ये त्याच्याच कारकिर्दीत स्थापन झाली.

इतका पैसा आला कुठून?

कंपनी पगार कमी देत असे, पण नोकरांना आशियातल्या बंदरांमध्ये खासगी व्यापार करण्याची मुभा होती. खरी कमाई तिथे होती. येलने कापड आणि हिऱ्यांच्या व्यापारात हात धुऊन घेतले. जगप्रसिद्ध हिरे देणारा गोवळकोंड्याचा मुलूख मद्रासपासून फार लांब नव्हता. १६८० मध्ये त्याने कंपनीचा दिवंगत अधिकारी जोसेफ हिनमर्स याच्या श्रीमंत विधवेशी, कॅथरीनशी लग्न केले. सेंट जॉर्ज किल्ल्यातील सेंट मेरी चर्चमध्ये नोंदले गेलेले हे पहिले लग्न.

खासगी धंदा आणि कंपनीचा कारभार यांतली रेषा पुसट झाली आणि तक्रारी वाढल्या. गैरव्यवहाराच्या आरोपांवरून १६९२ मध्ये त्याला पदावरून हटवण्यात आले. चौकशीचा ससेमिरा पुढे काही वर्षे चालला. अखेर १६९९ मध्ये तो गडगंज संपत्ती घेऊन इंग्लंडला परतला.

मराठ्यांशी त्याचा काय संबंध आला?

येलच्या कारकिर्दीत कंपनीने १६९० मध्ये कडलूरजवळचा देवनामपट्टणमचा किल्ला मराठ्यांकडून विकत घेतला. छत्रपती राजाराम महाराज तेव्हा जिंजीत होते आणि मोगलांशी झुंज सुरू होती. या किल्ल्याला इंग्रजांनी ‘फोर्ट सेंट डेव्हिड’ असे नाव दिले. हद्द ठरवण्याची पद्धतही अजब होती. किल्ल्यावरून तोफ डागायची आणि गोळा पडेल तिथपर्यंतची गावे इंग्रजांची. पुढे ही गावे ‘तोफगोळ्याची गावे’ म्हणूनच ओळखली जाऊ लागली.

गुलामांच्या व्यापारात त्याची भूमिका काय होती?

१६८६-८७ च्या सुमारास मद्रासच्या परिसरात भीषण दुष्काळ पडला. पोटासाठी माणसे स्वतःला आणि मुलांना विकू लागली. याचा फायदा घेत किल्ल्यातून गुलामांची निर्यात वाढली. १६८७ मध्ये एकाच महिन्यात किमान ६६५ जणांना बाहेर पाठवण्यात आल्याचे इतिहासकारांनी किल्ल्याच्या नोंदींवरून दाखवून दिले आहे. युरोपला जाणाऱ्या प्रत्येक जहाजाने किमान १० गुलाम न्यावेत, असा आदेशही निघाला. ही जहाजे वाटेत कंपनीच्या ताब्यातील सेंट हेलेना बेटावर थांबत.

मे १६८८ मध्ये मद्रासमधून गुलामांच्या निर्यातीवर बंदी घालण्यात आली. येलचे समर्थक याच बंदीकडे बोट दाखवतात. मात्र दुष्काळामुळे हा व्यापार फार वाढल्याच्या आणि देशी सत्ताधाऱ्यांनी तक्रारी केल्याच्या नोंदी आहेत. गोवळकोंडा १६८७ मध्ये औरंगजेबाने जिंकल्यानंतर मद्रासच्या इंग्रजांना मोगलांची मर्जी सांभाळणे भाग होते. त्यामुळे बंदीचे श्रेय येलच्या मनपरिवर्तनाला देणे कठीण आहे.

येलची संपत्ती थेट गुलामांच्या विक्रीतून आली का? तिचा मोठा भाग हिरे आणि कापडातला होता. पण गुलामांचा व्यापार ज्या कचेरीतून चालत होता, तिचा प्रमुख तोच होता.

मग विद्यापीठाला त्याचे नाव कसे मिळाले?

कनेक्टिकटमध्ये १७०१ साली स्थापन झालेली ‘कॉलेजिएट स्कूल’ ही छोटी संस्था १७१८ मध्ये पैशांच्या अडचणीत होती. बोस्टनचे धर्मोपदेशक कॉटन मॅथर यांनी येलला पत्र लिहून देणगी दिल्यास संस्थेला त्याचे नाव देता येईल, असे सुचवले. येलने मालाचे नऊ गठ्ठे, ४१७ पुस्तके आणि राजा पहिला जॉर्ज याचे चित्र पाठवले. गठ्ठ्यांतल्या कापडांमध्ये मलमल आणि कॅलिको, म्हणजे कालिकतवरून नाव पडलेले सुती कापडही होते. माल विकून ५६२ पौंड हाती आले आणि संस्था ‘येल कॉलेज’ झाली. आज याच विद्यापीठाचा निधी ४० अब्ज डॉलरहून अधिक आहे.

वाद आताच का पेटला?

२०१७ मध्ये येलने गुलामगिरीचे कट्टर समर्थक जॉन कॅल्हून यांचे नाव असलेल्या निवासी महाविद्यालयाला संगणकशास्त्रज्ञ ग्रेस हॉपर यांचे नाव दिले. मग एलिहू येलचे काय, हा प्रश्न ओघाने आलाच. जून २०२० मध्ये ‘कॅन्सल येल’ हा हॅशटॅग ट्रेंड झाला. त्याच वर्षी विद्यापीठाच्या कलासंग्रहालयाने एलिहू येलचे एक जुने चित्र काही काळासाठी खाली उतरवले. त्यात येलच्या शेजारी गळ्यात धातूचे कडे अडकवलेले एक कृष्णवर्णीय मूल उभे आहे.

येलचा ठसा चेन्नईतही आहे. त्याचा लहानगा मुलगा डेव्हिड आणि जोसेफ हिनमर्स यांची समाधी मद्रास उच्च न्यायालयाच्या आवारात आहे. २०२३ मध्ये न्यायालयाने पार्किंगच्या कामासाठी ती दुसरीकडे हलवण्याचा आदेश दिला, तेव्हा वारसा जपायचा की नाही, यावर तिथेही वाद झाला.

माफीने प्रश्न सुटला का?

येलच्या माफीनंतर जाहीर झालेल्या उपायांचा रोख न्यू हेवन शहर आणि अमेरिकेतील कृष्णवर्णीय समाजाकडे आहे. विद्यापीठाची जुनी इमारत ‘कनेक्टिकट हॉल’ गुलामांच्या श्रमातून उभी राहिली, हे पाहता ते रास्तच आहे. पण नाव मिळवून देणारी कमाई मद्रासची होती आणि दुष्काळात विकले गेलेले लोक तिथले होते. त्यांची साधी नावेही कुठे नाहीत.

हा प्रश्न मुंबईलाही लागू होतो. जे. जे. रुग्णालय आणि जे. जे. कला महाविद्यालय ज्यांच्या दानातून उभे राहिले, त्या सर जमशेटजी जीजीभॉय यांच्या संपत्तीचा मोठा स्रोत चीनशी चालणारा अफूचा व्यापार होता. त्यामुळे रुग्णालयाचे मोल कमी होत नाही आणि अफूचे नुकसानही भरून निघत नाही. नावे पुसली की इतिहास पुसला जातो, असे एक बाजू म्हणते; नावे ठेवली की अन्याय विसरला जातो, असे दुसरी. नाव ठेवायचे असेल, तर पैसा कुठून आला हेही त्याच पाटीवर लिहिणे, एवढे तरी कोणत्याही संस्थेला करता येईल.